अपिलाची प्रुफं

वरच्या कोर्टाच्या न्यायाधीशांनी दोन पानं उलटली, तिसऱ्या पानावर चष्मा काढून हातात घेतला आणि दोन्ही वकिलांकडे आळीपाळीने पाहिलं.

"ही टाईप केलेली प्रत कुणी वाचली आहे का?"

कुणीच वाचली नव्हती.

"इथे 'प्रतिवादीची बहीण' आहे. दोन ओळी खाली तीच 'प्रतिवादीची वहिनी' झाली. घर वर दुमजली आहे, खाली 'दुजमली'. मी अपील ऐकायचं ते कशाच्या जोरावर? दोन्ही बाजूंनी एकत्र बसा, मूळ कागदांशी ही प्रत ताडून पाहा, पानापानावर सह्या करा. मग या."

मागच्या बाकावर बसलेल्या ताईंना इतक्या वर्षांत कोर्टातलं एखादं बोलणं पहिल्यांदाच पूर्ण पटलं. एकोणचाळीस वर्षं त्यांनी वर्तमानपत्रात प्रुफं तपासली होती. वहिनीची बहीण आणि बहिणीची वहिनी करणाऱ्यांशी भांडण्यातच त्यांची नोकरी संपली होती.

बाहेरच्या व्हरांड्यात त्यांच्या वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. "तीनशे बारा पानं. माझ्याकडच्या पोरी महिनाभर तरी मोकळ्या नाहीत."

"मी करते," ताई म्हणाल्या. "आयुष्यभर दुसरं काय केलं मी?"

समोरच्या बाजूचे वकील जवळच उभे होते. ते म्हणाले, "एकट्या वादीनं तपासलेलं आम्हाला कसं चालेल?"

त्यांच्या पाठीमागे ताईंचा भाऊ उभा होता. गेली नऊ वर्षं तो कोर्टात आला की भिंतीकडे बघायचा. आताही भिंतीकडेच बघत तो म्हणाला, "मी बसतो."

हा भाऊ म्हणजे खिळ्या. आता बासष्ट वर्षांचा, टक्कल पडलेला गृहस्थ. पण नाव लहानपणीच चिकटलं ते चिकटलं. बाबांचा छापखाना होता. खाली छापखाना, वर राहायच्या तीन खोल्या. शिशाच्या अक्षरांना तिथे सगळे खिळे म्हणत, आणि हा मुलगा अंगाने तसाच बारीक, शिवाय कायम खिळ्यांच्या खणांत हात घालून बसलेला. अक्षरं जुळवून पान बांधणाऱ्या जुळारीकाकांनी त्याला खिळ्या म्हटलं आणि मग आईसुद्धा जेवायला हाक मारताना तेच म्हणायला लागली.

त्या काळी छापखान्यात प्रुफं तपासायला वेगळा माणूस ठेवणं परवडण्यासारखं नव्हतं. म्हणून शाळा सुटली की ही दोघं बसत. ताई हस्तलिखित मोठ्याने वाचायची आणि खिळ्या ओल्या प्रुफावर बोट फिरवत बघायचा. वेळापत्रकं, दवाखान्याचे तक्ते, बियाण्यांच्या याद्या, शाळांच्या प्रश्नपत्रिका. त्यांच्या स्वतःच्या शाळेची प्रश्नपत्रिका आली की बाबा ती घेऊन वर जात आणि आईला समोर बसवत. त्या आठवड्यात दोघं आईशी कमालीच्या गोडीने वागत, पण तिने एकही प्रश्न कधी फोडला नाही. बाबांचा नियम एकच होता. वाचणाऱ्याने आवाज चढवायचा नाही, उतरवायचा नाही, आणि अर्थ लावायचा नाही. "अर्थात शिरलात की चूक हातावर तुरी देऊन पळते," ते म्हणायचे. स्वल्पविरामाला टेबलावर पेन्सिलीचा एक ठोका, पूर्णविरामाला दोन. ताईला नोकरी लागल्यावरही ती संध्याकाळी छापखान्यात येऊन बसायची. लग्न झालं, वेगळं बिऱ्हाड झालं, तरी वीसेक वर्षं हे चाललं.

बाबा गेल्यानंतर एक दिवस ती आली तर दारावर नवी पाटी. बाबांच्या नावापुढे 'आणि पुत्र' असं रंगवलेलं. चौकशी केली तेव्हा कळलं की घराच्या कागदांवरही आता एकच नाव आहे. तिने विचारलं तर तो म्हणाला, "तुला काय कमी आहे तुझ्या घरी? आणि छापखान्यात तू होतीस तरी कुठे, नुसती वाचायचीस." वाटणीच्या दाव्याची नोटीस त्याला गेली ती त्या शेवटच्या दोन शब्दांमुळे. घर मागाहून आलं.

खालच्या कोर्टाने निकाल दिला: वरच्या खोल्या दोघांच्या निम्म्या-निम्म्या, खालचा छापखाना एकट्या भावाचा. ताईंनी खालच्या मजल्यासाठी अपील केलं, खिळ्याने वरच्या मजल्यासाठी. दोघांनाही निकाल अर्धाच पटला होता, फक्त अर्धं वेगवेगळं होतं.

मूळ कागद कोर्टाबाहेर नेता येत नाहीत, म्हणून सोमवारी दोघं रेकॉर्डच्या खोलीत हजर झाली. कपाटं छतापर्यंत, गठ्ठ्यांवर कापडी फिती, एक लांब टेबल आणि टेबलाच्या टोकाला रेकॉर्डच्या बाई. त्यांनी दोघांना आपल्या नजरेसमोर बसवलं.

"शाई चालणार नाही, पेन्सिल फक्त. पानं ओलं बोट लावून उलटायची नाहीत. आणि भांडायचं असेल तर बाहेर. इथे आवाज घुमतो."

"कोण वाचणार?" खिळ्याने बाईंनाच विचारलं.

"ते तुमचं तुम्ही ठरवा."

तो खाली बघत म्हणाला, "ताईच वाचायची."

ताईंनी मूळ कागद ओढून घेतला. खालच्या कोर्टातल्या न्यायाधीशांचं अक्षर म्हणजे मुंग्यांची रांग पावसात सापडावी तसं. ताईंनी एका सुरात वाचायला सुरुवात केली. पहिला दिवस तारखा, पत्ते आणि घराच्या चतुःसीमा यातच गेला. खिळ्या मध्येच "थांब" म्हणायचा, खूण करायचा, "पुढे" म्हणायचा. दिवसभरात दोघांत तेवढंच बोलणं झालं. जेवायच्या सुट्टीत तो जिन्यात बसला, ताई बाहेर झाडाखाली.

दुसऱ्या दिवशी खिळ्याची साक्ष आली. ताई पाणी प्यायल्या आणि त्यांनी सुरुवात केली. वाचता वाचता ते वाक्य समोर आलं. त्या थांबल्या नाहीत. ज्या सुरात काल घराच्या चतुःसीमा वाचल्या त्याच सुरात त्यांनी वाचलं:

"माझ्या बहिणीचा छापखान्याच्या कामाशी कधीही काहीही संबंध नव्हता."

आणि त्यांच्या हातातली पेन्सिल टेबलावर दोनदा वाजली.

खिळ्याचं बोट कागदावर होतं तिथेच राहिलं. रेकॉर्डच्या बाईंनी मान वर केली. ताईंना स्वतःलाही आत्ताच कळलं की आपण सकाळपासून ठोके देतो आहोत; आणि समोरचा माणूस एकदाही 'हे काय' असं न विचारता त्या ठोक्यांवर खुणा करतो आहे.

"पुढे," खिळ्या म्हणाला. त्याने खाकरून पुन्हा म्हटलं, "पुढे वाच."

त्या पुढे वाचत गेल्या. अर्ध्या तासाने टाईप केलेल्या प्रतीत एका ठिकाणी त्याने बोट टेकवलं. "थांब. तिथे काय आहे?"

"सामायिक जिना."

"इथे 'सामायिक जिणं' आहे."

ताईंनी चष्म्यावरून पाहिलं. त्याच्या ओठाचा डावा कोपरा किंचित वाकडा झाला होता. हसू दाबताना तो लहानपणीही असाच दिसायचा. बाबा रागावले असताना त्या ओठाकडे बघायचं नाही हे तिने स्वतःला शिकवलं होतं, कारण बघितलं की दोघांनाही मार बसायचा.

"दुरुस्त कर," त्या म्हणाल्या.

"केलं."

"त्या वेळापत्रकात तू 'सुटण्याची वेळ'ची 'सुजण्याची वेळ' करून ठेवली होतीस, आठवतं?"

"मी केली नव्हती, जुळारीकाकांनी केली होती. माझ्या नजरेतून सुटली एवढंच."

"दोन हजार प्रती छापून झाल्यावर."

"बाबांनी मला ती दोन हजार 'ज' अक्षरं पट्ट्या चिकटवून झाकायला लावली. तू मदत केली होतीस."

"केली होती," ताई म्हणाल्या. कागदाकडेच बघत त्यांनी पुस्ती जोडली, "म्हणजे संबंध होता म्हणायचा थोडाफार."

त्या दुपारी खिळ्या जिन्यात बसला नाही. झाडाखालच्या बाकाच्या दुसऱ्या टोकाला येऊन बसला आणि डब्यातली केळी मधोमध ठेवली. एक त्याने खाल्लं, एक ताईंनी.

गुरुवारी आईची साक्ष येणार होती.

आईला साक्षीला बोलावलं होतं खिळ्याच्या बाजूने, सहा वर्षांपूर्वी. त्या दिवशी ताई कोर्टात आल्याच नव्हत्या. ज्या बाईने आपल्याला अक्षर ओळखायला शिकवलं ती आपल्याविरुद्ध पिंजऱ्यात उभी राहिलेली बघायचं त्यांच्या जिवावर आलं होतं. पुढे निकालात एक ओळ आली: 'वादीच्या आईनेही प्रतिवादीच्या म्हणण्यास पुष्टी दिली आहे.' तेवढी ओळ ताईंनी वाचली आणि ती साक्ष कधीच उघडली नाही. वकीलबाईंनी दोनदा पुढे केली, दोनदा त्यांनी परत सरकवली. हातात येईल तो कागद, अगदी भजीचा पुडासुद्धा सोडवून वाचणारी बाई, पण ती सहा पानं तिने वाचली नाहीत. दोन वर्षांनी आई गेली. तोवर ताई अधूनमधून भेटायला जायच्या, खुर्चीच्या काठावर बसायच्या, औषधांचं विचारायच्या, उठायच्या. आई दारापर्यंत सोडायला यायची आणि काहीतरी बोलू बघायची. ताईंना नेमकी तेव्हाच चप्पल सापडत नसे.

गुरुवारी सकाळी मूळ कागद समोर आला तेव्हा ताईंनी तो उचलला आणि पुन्हा ठेवला.

"आज तू वाच," त्या म्हणाल्या. "माझे डोळे दुखताहेत."

खिळ्याने त्यांच्या डोळ्यांकडे पाहिलं आणि कागद आपल्याकडे ओढला. टाईप केलेली प्रत ताईंकडे आली. आयुष्यात पहिल्यांदा तो वाचणारा झाला आणि त्या बघणाऱ्या.

त्याला एका सुरात वाचायचा सराव नव्हता. पहिल्या पानावर आवाज चढत-उतरत होता. आईचं वय, आईचा पत्ता, लग्नाचं साल. मग खिळ्याच्या वकिलांचे प्रश्न. आई म्हणत होती की मुलगा छापखाना सांभाळतो, तोच माझं सगळं करतो, घर त्याच्या नावावर केल्याचं मला त्यानेच सांगितलं. ताई ओळीवर पेन्सिल ठेवून होत्या. यात खोटं काहीच नव्हतं. करत होताच तो.

चौथ्या पानापासून ताईंच्या तेव्हाच्या वकिलांचा उलटतपास होता.

"माझे पती खिळे जुळवत व मशीन चालवत," खिळ्या वाचू लागला. "मुलगी वाचत असे, मुलगा बघत असे. ती दोघे नसती तर छापखाना चालला नसता, हे म्हणणे खरे आहे. मुलगी लग्नानंतरही येत असे. तिला कधी कुणी बोलावले नाही, ती आपणहून येत असे. ती आल्याशिवाय माझे पती चहा घेत नसत."

दोन ठोके. पेन्सिल खिळ्याच्या हातात होती.

ताई मान खाली घालून ओळीमागून ओळ बघत राहिल्या. अर्थात शिरायचं नाही, त्या स्वतःला बजावत होत्या. 'चहा' बरोबर आहे. 'घेत नसत' बरोबर आहे. पण तो चहा त्यांना दिसत होता. साडेसहाचा, शाईने काळ्या झालेल्या बोटांतला कप, आणि बाबांचं न बघता म्हणणं, 'आलीस का, बस.'

"मुलीला घरात वाटा देऊ नये," खिळ्याने वाचलं, "असे माझे पती माझ्यासमोर कधीही म्हणाले नाहीत."

ताईंची पेन्सिल थांबली. त्यांनी ओळ पुन्हा पाहिली. वरची पाहिली, खालची पाहिली.

"हे इथे नाही," त्या म्हणाल्या.

"माहीत आहे."

"माहीत आहे म्हणजे?"

"काल घरी मी टाईप केलेली प्रत वाचली. वकिलांकडे एक आहे ना. त्यात हे नव्हतं." तो कागदावरून नजर न हलवता बोलत होता. "मी त्या दिवशी कोर्टात होतो, ताई. आई जे बोलली ते मी ऐकलंय."

रेकॉर्डच्या बाईंनी एक गठ्ठा उचलून उगाचच दुसऱ्या कपाटात नेऊन ठेवला.

ताईंना कळत होतं. मूळ कागद त्याच्या हातात होता. त्याने ती ओळ गाळून पुढचं वाचलं असतं तर त्यांच्या समोरच्या प्रतीशी सगळं तंतोतंत जुळलं असतं आणि त्यांनी पानाखाली सही केली असती.

"लिही," खिळ्या म्हणाला. "मी पुन्हा वाचतो, तू लिही. नाहीतर सुटेल काहीतरी."

त्याने एकेक शब्द सुटा करून वाचला. ताईंनी समासात बारीक अक्षरात लिहून घेतलं आणि ओळीत घालायची खूण केली.

"आणखी एक आहे," तो म्हणाला. "त्याच्या खाली. तेही नसेल तुझ्याकडे."

"वाच."

"तुम्ही दोघांपैकी कोणाच्या बाजूने आहात असे विचारले असता. स्वल्पविराम. कंस सुरू." इथे मात्र त्याचा आवाज एकदम बाबांनी सांगितला तसा सपाट झाला, चढ नाही, उतार नाही. "साक्षीदार काही उत्तर देत नाही. साक्षीदारास प्यायला पाणी दिले. कंस बंद."

ताईंनी 'साक्षीदार' लिहिलं आणि 'काही' लिहिलं. मग चष्मा काढून टेबलावर ठेवला. रडणं म्हणावं असं काही झालं नाही. दोन्ही तळवे त्यांनी डोळ्यांवर दाबून धरले. सहा वर्षं त्यांनी मनात आईचं एक उत्तर धरून ठेवलं होतं. ते तिने दिलंच नव्हतं.

"मला सांगायचं नाहीस?" हात न काढताच त्या म्हणाल्या.

"कधी? तू आलीस की औषधांचं विचारायचीस आणि जायचीस."

"तुला यायला काय झालं होतं?"

"काय तोंडाने येऊ?" तो म्हणाला. "पाटी रंगवायला दिली तेव्हा मी रंगाऱ्याला 'आणि पुत्र' असं सांगितलं, त्याच क्षणी मला चूक दिसली होती. खरं सांगतो. प्रुफात दिसते तशी. पण म्हटलं, राहू दे. एकदा छापून झालं की कोण काय करतंय. मग तू विचारलंस आणि मी ते भलतंच बोललो. मग तुझी नोटीस आली, आणि नोटीस आल्यावर माघार घ्यायला मला कमीपणा वाटला."

"नुसती वाचायचीस, म्हणालास."

"हो. म्हणालो."

ताईंनी चष्मा लावला, काच पदराला पुसायची राहिली म्हणून पुन्हा काढला, पुसला, लावला. मग अर्धवट राहिलेलं वाक्य पुरं केलं, कंस बंद केला. दोघांनी पानाखाली सह्या केल्या. शुक्रवारी उरलेली पानं संपली. रेकॉर्डच्या बाईंनी गठ्ठा बांधताना म्हटलं, "इतकी वर्षं इथे आहे, असं काम पाहिलं नाही. तुम्ही दोघं दुसऱ्यांच्या केसेसचंही घेता का?"

खिळ्याचे वकील भडकले ते साहजिकच होतं. "ती ओळ तुम्ही वाचलीत कशाला?" त्यांनी विचारलं.

"तिथे लिहिली होती म्हणून," खिळ्या म्हणाला.

चार महिन्यांनी निकाल लागला. न्यायाधीशांनी आईच्या साक्षीतल्या त्या दोन जागांचा उल्लेख करून लिहिलं की खालच्या कोर्टाने साक्ष अर्धीच विचारात घेतली. वर आणि खाली, छापखान्यासह सगळं घर दोघांचं समान. वकिलांनी खिळ्याला सांगितलं की अजून वर जाता येईल, मुदत आहे. तो म्हणाला, "अजून किती वर जायचं साहेब? आमचं घरच दुमजली आहे."

म्हणजे लगेच सगळं आलबेल झालं असं नाही. वरच्या खोल्या कशा वाटायच्या यावरून दोघांत दोन आठवडे अबोला झाला. मोरीची भिंत कुणाकडे, यावरून एकदा फोन आपटला गेला. पण आता आपटलेला फोन दुसऱ्या दिवशी पुन्हा वाजायचा. शेवटी खिळ्याने घराचा नकाशा काढून दोन भाग केले आणि निवड ताईंवर सोडली. ताईंनी रस्त्याकडचा भाग घेतला. छापखान्याची जागा दोघांनी मिळून एका वह्या-पुस्तकं बांधणाऱ्या बाईला भाड्याने द्यायचं ठरवलं. त्याआधी ती रिकामी करायला हवी होती.

नऊ वर्षांनी ताई त्या खोलीत शिरल्या. मशीन बारा दिवसांपूर्वीच एका छपाई शिकवणाऱ्या शाळेने नेलं होतं. फरशीवर त्याच्या चार पायांच्या खुणा तेवढ्या राहिल्या होत्या. शाईचा आणि घासलेटचा वास मात्र तसाच होता. ताई त्यात जरा वेळ नुसत्याच उभ्या राहिल्या. भिंतीला खिळ्यांच्या पेट्या होत्या आणि कोपऱ्यात दोन घमेली भरून खिळे, सगळी अक्षरं एकमेकांत मिसळलेली. दाव्याच्या काळात छापखाना बंद करताना शेवटचं जुळवलेलं पान सोडवून खिळे खणांत परत लावायचंही कुणाला सुचलं नव्हतं, तसंच घमेल्यात ओतलं होतं. भंगारवाला शुक्रवारी येणार होता. वितळवून शिसं करणार होता.

ताईंनी स्टूल ओढलं, घमेल्यातून मूठभर खिळे घेतले, एक डोळ्याजवळ धरून उलटं अक्षर वाचलं आणि पेटीतल्या त्याच्या खणात टाकलं. मग दुसरं.

"तो वितळवणार आहे ताई," खिळ्या दारातून म्हणाला. "लावून काय उपयोग?"

"मग काय असेच द्यायचे? मिसळलेले?"

त्याने दुसरं स्टूल आणलं, बाह्या वर केल्या आणि समोर बसला. त्याच्या हाताला खण अजून पाठ होते. तो न बघता टाकत होता. दुपारपर्यंत एक घमेलंही संपलं नाही. बोटं काळी झाली. खिळ्याने चहा टाकायला उठता उठता भंगारवाल्याला फोन लावला आणि या शुक्रवारी नको, पुढच्या शुक्रवारी ये, असं सांगितलं.

"एका आठवड्यात होणार नाही हे," ताई मागून म्हणाल्या.

"बरं, मग महिन्याने ये," तो फोनमध्ये म्हणाला आणि चहा टाकायला वर गेला.